दिवाणी दाव्याचा निकाल व त्याची नक्कल

शेतकऱ्याच्या घरी कागदपत्रांची एक पेटी असते. तीत सात-बाराचे उतारे, खरेदीखते, सोसायटीच्या पावत्या असे कागद पिढ्यान् पिढ्या जपून ठेवलेले असतात. परंतु ज्या जमिनीबद्दल किंवा विहिरीबद्दल वर्षानुवर्षे कोर्टात दावा चालला, त्याच्या निकालाची सही-शिक्क्याची नक्कल त्या पेटीत पुष्कळदा सापडत नाही. "निकाल आमच्यासारखा झाला" किंवा "निकाल विरुद्ध गेला" एवढेच घरातील माणसे सांगतात.

बियाणे, खते व कीड-रोग यांची माहिती देणाऱ्या या पत्रिकेत कोर्टाच्या कागदाचा विषय कशासाठी, असे कोणी विचारील. त्याचे उत्तर सोपे आहे. ज्या बांधाचा वाद मिटलेला नाही त्या बांधावर कोणी झाड लावीत नाही. ज्या विहिरीच्या पाळीचा निकाल हाती नाही तिच्या पाण्यावर कोणी बागायत करीत नाही. सात-बारावर नाव नसेल तर कर्जाचे प्रकरण अडते व ठिबक संचाचे अनुदानही अडते. शेतीची सुधारणा कागदावाचून अडून राहते, हे गावोगाव हिंडणाऱ्या प्रत्येक कार्यकर्त्याने पाहिलेले आहे.

एक अनुभव

माझ्या कार्यक्षेत्रातील एका गावी दोन चुलत भावांमध्ये सामाईक विहिरीच्या पाण्यावरून दिवाणी दावा होता. विहिरीत आपला आठ आणे हिस्सा आहे, असे थोरल्या घरच्या शेतकऱ्याचे म्हणणे होते. 10 जून रोजी निकाल लागला व त्याचा दावा रद्द झाला. अपील करता येईल, असे वकिलांनी त्याला त्याच दिवशी सांगितले होते. परंतु पाऊस तोंडावर आला होता. पेरणी आटोपली की पाहू, असे म्हणून तो घरी परतला. निकालाचा कागद कोर्टाकडून टपालाने घरी येईल, अशीही त्याची समजूत होती.

पोळा झाल्यावर तो तालुक्याच्या गावी गेला. अपिलाची मुदत तोपर्यंत केव्हाच संपली होती. त्याने विलंब माफ व्हावा म्हणून अर्ज केला. मुदत कायद्याच्या कलम 5 प्रमाणे असा अर्ज करता येतो. मात्र विलंबाला पुरेसे कारण होते, हे कोर्टाला पटवून द्यावे लागते. पेरणीची गडबड व टपालाची वाट ही कारणे कोर्टाला पुरेशी वाटली नाहीत. अर्ज नामंजूर झाला. पाण्याचा खरा हक्क कोणाचा होता, हे मी सांगू शकत नाही. परंतु त्याचा विचार वरच्या कोर्टाकडून होण्याची संधी एका अर्जावाचून गेली. त्याचे तीन एकर रान आजही कोरडवाहू आहे.

यात माझाही दोष आहे. त्या जून महिन्यात बीजप्रक्रियेच्या प्रात्यक्षिकासाठी मी दोन वेळा त्याच्या शेतावर गेलो होतो. निकाल लागल्याचे त्याने मला सांगितले होते. मी उगवणीची चौकशी केली, नकलेची केली नाही. तशी चूक इतर कार्यकर्त्यांकडून होऊ नये, म्हणून हा लेख लिहीत आहे.

निकाल, हुकूमनामा व आदेश

दाव्याच्या शेवटी कोर्टाकडून दोन कागद तयार होतात. पहिला न्यायनिर्णय. यालाच लोक निकालपत्र म्हणतात. त्यात दोन्ही पक्षांचे म्हणणे, पुरावा व निर्णयाची कारणे असतात. दुसरा हुकूमनामा. त्यात कारणे नसतात. कोणाला काय मिळाले व कोणी काय करावयाचे, एवढेच असते. दावा चालू असताना मधल्या अर्जांवर जे हुकूम होतात त्यांना आदेश म्हणतात. तूर्तातूर्त मनाईचा हुकूम हा असाच आदेश आहे.

हे तीन वेगळे कागद आहेत, हे लक्षात ठेवावे. दिवाणी प्रक्रिया संहितेत 2002 साली अमलात आलेल्या दुरुस्तीनंतर अपिलासोबत न्यायनिर्णयाची नक्कल जोडावी लागते. हुकूमनाम्याची अंमलबजावणी करण्यासाठी दरखास्त दाखल करताना व जमिनीच्या नोंदीसाठी हुकूमनाम्याची नक्कल लागते. म्हणून अर्ज करताना दोन्हींची मागणी एकदमच करणे हिताचे असते.

प्रमाणित नक्कल कशी ओळखावी?

निकालाची छायाप्रत म्हणजे प्रमाणित नक्कल नव्हे. हल्ली कोर्टाच्या संकेतस्थळावर दाव्याची पुढील तारीख व पुष्कळदा निकालही पाहावयास मिळतो. प्रत्येक दाव्याला सोळा अक्षरांचा व अंकांचा एक सी.एन.आर. क्रमांक असतो, त्यावरून मोबाईलवरही दावा शोधता येतो. ही सोय चांगली आहे व तिचा उपयोग अवश्य करावा. परंतु तेथून छापून घेतलेला साधा कागद माहितीपुरता असतो. प्रमाणित नकलेची जागा तो घेत नाही.

प्रमाणित नकलेवर तीन खुणा असतात. कागदाच्या शेवटी ती खरी नक्कल असल्याचा दाखला असतो. त्याखाली अधिकाऱ्याची तारखेसह सही, नाव व हुद्दा असतो. आणि कार्यालयाचा शिक्का असतो. पूर्वी 1872 च्या पुरावा कायद्यात याविषयीची तरतूद होती. 1 जुलै 2024 पासून त्या कायद्याच्या जागी भारतीय साक्ष अधिनियम, 2023 हा कायदा लागू झाला असून त्याच्या कलम 75 मध्ये हीच तरतूद आहे. अशी नक्कल मूळ कागदाचा पुरावा म्हणून दाखल करता येते.

मुदतीचा हिशेब

या लेखातील सर्वांत महत्त्वाचा भाग हा आहे. तो शांतपणे वाचावा व इतरांनाही समजावून द्यावा.

मुदत कायदा, 1963 प्रमाणे जिल्हा न्यायालयात अपील करण्यास 30 दिवसांची व उच्च न्यायालयात अपील करण्यास 90 दिवसांची मुदत असते. ही मुदत निकालाच्या तारखेपासून चालू होते. नक्कल हाती पडल्याच्या तारखेपासून नव्हे. निकालाचा दिवस मात्र मोजला जात नाही.

याच कायद्याच्या कलम 12 मध्ये एक सवलत आहे. नक्कल मिळण्यास जेवढे दिवस आवश्यक असतात तेवढे मुदतीतून वजा होतात. म्हणजे अर्ज केल्यापासून नक्कल तयार होईपर्यंतचा काळ अपील करणाराच्या नावे खर्ची पडत नाही. अर्ज करण्यापूर्वी गेलेले दिवस मात्र खर्ची पडतात. नक्कल तयार झाल्यावर ती नेण्यास जो उशीर केला, तोही खर्ची पडतो. नकलेचा खर्च भरण्यास सांगितले असता तो वेळेवर भरला नाही, तर त्या विलंबाचा लाभ मिळत नाही.

वरील शेतकऱ्याच्याच तारखा घेऊन पाहू. निकाल 10 जूनचा. वजावट काहीच नसती तर 30 दिवस 10 जुलै रोजी पुरे होतात. आता समजा, त्याने 14 जून रोजी अर्ज केला असता व नक्कल 2 जुलै रोजी तयार झाली असती. हे दोन्ही दिवस धरून 19 दिवस होतात. ते वजा जाता मुदत 29 जुलैपर्यंत पोहोचते. अर्जापूर्वी त्याचे तीनच दिवस गेले असते व नक्कल हाती आल्यावर अपील तयार करण्यास 27 दिवस उरले असते.

आता समजा, त्याने 8 जुलै रोजी अर्ज केला असता व नक्कल तेवढ्याच दिवसांत, म्हणजे 26 जुलै रोजी, तयार झाली असती. शेवटची तारीख तीच, 29 जुलै. परंतु नक्कल हाती आल्यावर उरतात फक्त तीन दिवस. तेवढ्यात वकिलांनी निकाल वाचावयाचा, अपील लिहावयाचे आणि त्याने पैशांची सोय करून जिल्ह्याला जावयाचे. आणि जर 10 जुलै उलटून गेल्यावर अर्ज केला, तर नक्कल तयार होण्यास लागलेला एकही दिवस वजा मिळत नाही. कारण तोपर्यंत मुदतच संपलेली असते. आमच्या शेतकऱ्याचे असेच झाले.

आणखी एक गैरसमज येथे दूर केला पाहिजे. "हुकूमनामा अजून तयार झालेला नाही, तयार झाल्यावर अर्ज करू" असे कित्येक जण म्हणतात. कायद्याप्रमाणे न्यायनिर्णयानंतर 15 दिवसांच्या आत हुकूमनामा तयार व्हावा, अशी अपेक्षा आहे. प्रत्यक्षात कधी कधी अधिक दिवस लागतात. परंतु त्यावर तारीख न्यायनिर्णयाचीच पडते. आणि अर्ज करण्यापूर्वी हुकूमनामा तयार करण्यात कोर्टाचे जे दिवस गेले, ते वजा मिळत नाहीत, असे कलम 12 च्या स्पष्टीकरणात सांगितले आहे. तेव्हा हुकूमनामा तयार असो वा नसो, निकालाच्या दिवशीच, निदान दुसऱ्या दिवशी, अर्ज द्यावा. काठावरची मोजदाद करीत बसू नये.

दावा जिंकणाऱ्यानेही निश्चिंत राहू नये. हुकूमनाम्याच्या अंमलबजावणीची दरखास्त सर्वसाधारणपणे बारा वर्षांच्या आत करावी लागते. बांधकाम पाडणे, अडवलेला पाट मोकळा करणे अशी एखादी गोष्ट करण्याचा हुकूम असेल, तर मुदत तीनच वर्षांची आहे. कोर्टाने जमिनीचा ताबा देण्यास सांगितले, पण प्रतिवादी जागचा हलला नाही आणि वादीही स्वस्थ बसला, तर हातातील हुकूमनामा निरुपयोगी होतो.

अर्ज कसा करावा?

ज्या कोर्टाने निकाल दिला त्याच कोर्टाच्या नक्कल विभागात अर्ज द्यावयाचा असतो. जुना निकाल असेल तर मूळ कागद अभिलेख कक्षात गेलेले असतात. तेथून ते मागविण्यास अधिक दिवस लागतात. पक्षकार स्वतः अर्ज करू शकतो किंवा वकिलांमार्फत करू शकतो. छापील नमुना मिळत असल्यास तो भरावा. नसल्यास पुढीलप्रमाणे लिहावे:

"मे. दिवाणी न्यायाधीश, कनिष्ठ स्तर, यांचे न्यायालयात.
नियमित दिवाणी दावा क्रमांक …… सन ……
वादी …… विरुद्ध प्रतिवादी ……
अर्जदार सदर दाव्यात वादी (किंवा प्रतिवादी) आहे. दाव्यात दिनांक …… रोजी झालेल्या न्यायनिर्णयाची व हुकूमनाम्याची प्रत्येकी एक प्रमाणित नक्कल अपील करण्यासाठी मिळावी, ही विनंती. नकलेचा खर्च भरण्यास अर्जदार तयार आहे.
दिनांक …… अर्जदाराची सही ……"

अर्जावर लागू असलेले न्यायालय शुल्क लावावे. दाव्याचा क्रमांक व सन बिनचूक लिहिणे सर्वांत जरुरीचे असते. क्रमांक चुकला तर अर्ज पडून राहतो. नक्कल तातडीने हवी असल्यास तसे अर्जात नमूद करावे व त्यासाठी जादा शुल्क किती, हे विचारून घ्यावे. पानांच्या हिशेबाने जो खर्च सांगितला जाईल तो त्याच दिवशी भरून पावती घ्यावी. ठरलेल्या दरापेक्षा अधिक पैसे कोणासही देऊ नयेत.

दाव्यात पक्षकार नसलेल्या तिऱ्हाईत इसमास नक्कल हवी असेल, तर ती कशासाठी हवी हे कारण अर्जात द्यावे लागते. जमीन विकत घेणाराने त्या जमिनीवर पूर्वी दावा झाला होता काय याची चौकशी करावी व झाला असल्यास निकालाची प्रमाणित नक्कल विकणाराकडून मागून घ्यावी.

नक्कल हाती आल्यावर

नक्कल घेतल्यावर तेथेच ती वाचून पाहावी. अर्ज केल्याची तारीख, नक्कल तयार झाल्याची तारीख व ती दिल्याची तारीख तिच्यावर नोंदवलेली आहे काय, हे प्रथम पाहावे. मुदतीचा सारा हिशेब या तारखांवर अवलंबून असतो. नंतर पक्षकारांची नावे, गट क्रमांक, क्षेत्र व चतुःसीमा ताडून पाहाव्यात.

चूक आढळल्यास ती कोठली आहे हे ओळखावे. मूळ कागदात बरोबर आहे व नकलेत चुकले आहे, असे असेल तर नक्कल विभागाकडून ती दुरुस्त करून घ्यावी. मूळ हुकूमनाम्यातच लिहिण्याची किंवा आकड्याची चूक झाली असेल, तर दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम 152 प्रमाणे त्याच कोर्टाकडे दुरुस्तीचा अर्ज करता येतो. अशी दुरुस्ती केव्हाही होऊ शकते. परंतु नोंदीच्या वेळी गट क्रमांक जुळत नाही म्हणून काम अडण्यापेक्षा आधीच केलेली बरी. जुन्या हुकूमनाम्यात सर्व्हे नंबर असतो व एकत्रीकरणानंतर त्याचा गट झालेला असतो. ही चूक नव्हे. अशा वेळी जुन्या नंबराचा कोणता गट झाला, याचा उतारा भूमी अभिलेख कार्यालयातून घेऊन नकलेला जोडावा.

निकालाची सात-बारावर नोंद

कोर्टाने निकाल दिला म्हणजे सात-बारा आपोआप बदलत नाही. महाराष्ट्र जमीन महसूल संहिता, 1966 च्या कलम 149 प्रमाणे जमिनीत हक्क मिळालेल्या माणसाने तीन महिन्यांच्या आत तलाठ्याला, म्हणजे आताच्या ग्राम महसूल अधिकाऱ्याला, वर्दी द्यावयाची असते. वर्दीसोबत हुकूमनाम्याची प्रमाणित नक्कल द्यावी व पोच घ्यावी. मग फेरफार लिहिला जातो, हितसंबंधितांना नोटीस निघते व नोंद प्रमाणित झाल्यावर ती सात-बारावर येते.

वाटपाच्या दाव्यात आणखी एक पायरी असते. कोर्ट प्रत्येकाचा हिस्सा ठरवून देते. परंतु सारा भरणाऱ्या शेतजमिनीचे प्रत्यक्ष सरस-निरस वाटप दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम 54 प्रमाणे जिल्हाधिकाऱ्यांमार्फत होते. मोजणी होऊन ताबा मिळेपर्यंत काम पुरे झाले असे समजू नये. प्रत्येक हिस्सेदाराने आपली स्वतंत्र नक्कल घेऊन ठेवावी. एका भावाकडे नक्कल आहे म्हणून इतरांनी विसंबून राहिल्यास पुढे त्या भावाशीच वाद झाला असता अडचण येते.

शेतरस्ता किंवा पाटपाणी अडविल्याबद्दल तहसीलदारांपुढे मामलेदार न्यायालय अधिनियम, 1906 खाली प्रकरण चालले असेल, तर त्या हुकमाची नक्कल तहसील कार्यालयातून मिळते. दिवाणी कोर्टातून नव्हे. पुष्कळ शेतकरी या ठिकाणी हेलपाटे घालतात. ज्याने हुकूम केला त्याच्याच कार्यालयात नक्कल, एवढे सूत्र ध्यानात ठेवावे. लोकन्यायालयात तडजोड झाली असेल, तर तेथील निवाड्याला हुकूमनाम्याचेच बळ असते व त्यावर अपील नसते. त्याचीही नक्कल घ्यावी.

पैशाची अडचण असल्यास

विधी सेवा प्राधिकरण अधिनियम, 1987 च्या कलम 12 प्रमाणे स्त्रिया, अनुसूचित जाती व जमातींतील व्यक्ती, अपंग व्यक्ती, तसेच पूर, दुष्काळ किंवा भूकंप यांनी गांजलेल्या व्यक्ती यांना मोफत कायदेशीर साहाय्य मिळू शकते. ठरावीक मर्यादेपेक्षा कमी उत्पन्न असणाऱ्यांनाही ते मिळते. निकालाच्या नकला मिळवून देणे हा या साहाय्याचाच एक भाग आहे. तालुक्याच्या कोर्टातील विधी सेवा समितीकडे यासाठी जावे किंवा 15100 या दूरध्वनी क्रमांकावर विचारावे. शेतीच्या दाव्यात एकट्याने झगडणाऱ्या विधवा भगिनींना ही माहिती कार्यकर्त्यांनी आवर्जून द्यावी. साहाय्यासाठी अर्ज केला म्हणून नकलेचा अर्ज मात्र थांबवू नये.

गावपातळीवरील कार्यकर्त्यांस सूचना

कार्यकर्त्याने कायद्याचा सल्ला देऊ नये. ते वकिलांचे काम आहे. अपील करावे की करू नये, हेही त्याने ठरवू नये. अपील केल्याने निकालाला आपोआप स्थगिती मिळत नाही, ती वेगळी मागावी लागते. अशा गोष्टी वकिलांकडूनच समजून घ्याव्यात, असे सांगावे. भाऊबंदकीच्या वादात कोणा एकाचा पक्ष घेतल्यास गावातील इतर कामही बिघडते. परंतु वादी असो वा प्रतिवादी, दोघांनाही एकच प्रश्न विचारण्यास हरकत नाही: "निकाल कोणत्या तारखेला लागला व नकलेचा अर्ज कोणत्या तारखेला दिला?" शेतभेटीच्या वहीत या दोन तारखांसाठी एक ओळ राखून ठेवावी.

शेतकरी बंधूंनो, वाफसा असताना पेरणी केली तरच बी उगवते, हे आपणांस सांगावयास नको. निकालाच्या नकलेलाही असाच वाफसा असतो. निकालाच्या दिवशी कोर्टातून बाहेर पडण्यापूर्वी नक्कल विभागात अर्ज द्या, पावती घ्या, सांगितलेल्या दिवशी जाऊन नक्कल आणा व ती सात-बाराच्या उताऱ्याशेजारी जपून ठेवा. काही वर्षांनंतर कोर्टातील पुष्कळसे कागद नियमाप्रमाणे नष्ट केले जातात. मुलाबाळांच्या हाती तेव्हा आपल्या पेटीतील नक्कलच उरेल.